सेंगा

कॅम्पातल्या गोऱ्यांच्या स्मशानात
मागच्या भिंतीकडच्या रांगेत, चाफ्याखाली
एक दगड आहे, गुडघ्याएवढा.
त्यावरची अक्षरं पुन्हा कोरायचं काम माझ्याकडं आलं,
कारण हातानं कोरणारा गावात मीच उरलोय.
बाकी सगळे मशीनवर.

शेवाळ खरवडलं, बोटानं चाचपत वाचलं :
एस, ई, एन, जी, ए.
सेंगा.
मला वाटलं, आधीच्या कारागिराची चूक.
आमच्या धंद्यात होतं असं.
शहापुरातल्या एका दंतवैद्याला मी
दोन दिवस संतवैद्य करून ठेवलं होतं.

गिलिसबाई स्कॉटलंडहून आल्या होत्या,
सत्तरीच्या, उन्हानं नाक लाल.
म्हणाल्या, चूक नाही, नावच आहे ते.
चर्चचा सॅमसन मधे उभा राहून
त्यांचं बोलणं मराठीत ओतत होता, थोडं सांडत.

आमच्याकडं पहिल्या मुलीला आजीचं नाव.
आजी अ‍ॅग्नेस, म्हणून थोरली अ‍ॅग्नेस.
ती येतानाच गेली, बोटीवर, तापानं.
इथं आल्यावर दुसरी झाली.
तेच नाव पुन्हा ठेवायला आई धजेना,
नाव सोडायला बाप तयार होईना.
मग उलटं ठेवलं.

मी बोट उजवीकडून डावीकडं नेलं.
ए, जी, एन, ई, एस.
होय की ओ.

हे मला सांगायला सॅमसन नको होता.
चाळीस वर्षं दुकानांच्या काचांवर
मी आतून लिहितोय, उलटं,
रस्त्यावरच्याला सुलटं दिसावं म्हणून.
मराठी उलटं, कानडी उलटं,
पाट्यांचा हुकूम फिरला की ब्लेडनं खरवडून
पुन्हा उलटं.
म्हणजे काच एकच.
थोरली रस्त्यावर उभी,
धाकटी आत.

माझं नाव कल्लाप्पा.
घरात मराठी, नाव कानडी. कल्लू म्हणजे दगड.
माझ्या आधीची तीन गेली, वर्षाच्या आतच,
म्हणून आईनं मला दगड म्हटलं,
मरणाला वाटावं, हे पोर नव्हेच.
तिकडं वर दगडू म्हणतात, धोंडू म्हणतात.
आमच्या भागातल्या मरणाला
कानडी बरं कळतं, असं आईला वाटलं असावं.
माझ्या बाबतीत जमलं.
हिच्या बाबतीत
चार वर्षं, दोन महिने.

छिन्नी एनच्या तिरक्या रेघेवर होती
तेव्हा बाई म्हणाल्या, काही जण वेगळंही सांगतात.
डोंगराकडच्या त्यांच्या जुन्या भाषेत
एक शब्द आहे. त्यांनी तो उच्चारला.
मी हातोडी खाली ठेवली.
म्हटलं, पुन्हा म्हणा.
शेंग, म्हणाल्या.
अर्थ?
सॅमसननं हवेत करंगळी उभी धरली :
बारीक. शेलाटी.

माझी थोरली वहिनी लग्न होऊन आली तेव्हा
आई गल्लीभर सांगत सुटली होती,
चवळीची शेंग आणलीय, चवळीची शेंग.

यातलं खरं कुठलं, मी विचारलं.
बाईंनी खांदे उडवले.
आजीला विचारायचं राहून गेलं, म्हणाल्या.

तेवढ्यात भिंतीपलीकडून निंगव्वा गेली,
डोक्यावर बुट्टी, वर कागदाच्या पुड्या.
शेंगाऽऽ.
मराठीत शेंगा, कानडीत शेंगा.
या शब्दावर अजून कुणी मोर्चा काढलेला नाही.
शेंगाऽऽ.

बाई उठून उभ्या राहिल्या.
गवतात चष्मा पडला तो उचलला नाही.
फाटकाकडं बघत
सॅमसनला काहीतरी विचारलं, त्यानं माझ्याकडं पाहिलं.
विचारतायत, तिला हाक कोण मारतंय?

पुडीचं मी सांगणार होतो.
दगडातली भुकटी फुंकली.
म्हटलं, सांग त्यांना,
बाई आहे एक, सांबऱ्याकडची.
रोज येते दुपारची,
पावसाळा सोडून.